ड्यूईसाठी कांद्याची कडी

मर्लीन: अर्धा इंच म्हणाले होते मी. हे काय कापलंयस?

हॉलिस: अर्धाच इंच आहे.

मर्लीन: एका बाजूने अर्धा इंच. दुसऱ्या बाजूने त्याच्यातून पेपर वाचता येईल.

हॉलिस: अगं, उभा जन्म कांदा पिकवला मी. कांद्याचं मला सांगतेस?

मर्लीन: पिकवलास. कापलास कधी? या ओट्याशी तू आजवर दोनदा उभा राहिलायस. एकदा नळ गळत होता म्हणून, आणि एकदा तुझी आई इथे उभी राहून माझ्याबद्दल बोलत होती म्हणून.

हॉलिस: तू गप बस बघू खुर्चीत. डॉक्टरांनी काय सांगितलंय? छाती उघडून शिवलीये. ओझं उचलायचं नाही, दगदग करायची नाही, आणि चिडायचं तर मुळीच नाही.

मर्लीन: मी चिडलेली नाही, बघतेय. बघायला मनाई नाही. आता त्या चकत्यांची कडी मोकळी कर. हळूच. आणि प्रत्येक कड्याच्या आतल्या अंगाला पातळ पापुद्रा असतो, तो ओल्या बोटाने सोलून काढ.

हॉलिस: प्रत्येक कड्याचा?

मर्लीन: प्रत्येक. तो राहिला की पीठ धरत नाही, घसरतं.

हॉलिस: अगं, हा कांदा आहे का तान्हं पोर? आणि एवढं करायला ड्यूई पर्विस काय गव्हर्नर लागून गेलाय? त्याला काय मी जेवायला बोलावलंय?

मर्लीन: बोलावलं नाहीस. तेच म्हणतेय मी सकाळपासून.

हॉलिस: बोलवायचं नाहीच आहे. आपलं ठरलंय. तळायचं, डब्यात भरायचं, झाकण लावायचं, त्याच्या पडवीत ठेवायचं, आणि त्याने दार उघडायच्या आत ट्रक वळवून घरी. गावात सगळे असंच करतात.

मर्लीन: गावात सगळे आजाऱ्याच्या दारात भांडं ठेवतात. दरोडा घालून पळाल्यासारखे पळत नाहीत.

हॉलिस: हेच तर! सगळ्यांनी भांडी ठेवली. तू सव्हाना शहरातल्या हॉस्पिटलात, मी तुझ्या उशाशी, आणि इकडे पडवीत पाय ठेवायला जागा नाही. कोंबडीभात, मॅकरोनी, रताळ्याचं ते साखरेत बुडालेलं काहीतरी. प्रत्येक भांड्याच्या बुडाला चिकटपट्टी, पट्टीवर नाव. भांडं रिकामं परत द्यायचं नाही, हे आपल्याला पाळण्यात शिकवलेलं. दिलं मी रिकामं? एकेक घासलं, त्यात तुझ्या पीचच्या लोणच्याची बाटली ठेवली, ज्याचं त्याला पोचवलं. कुणापुढे एक शब्द बोलावा लागला नाही. सोय आहे, मर्लीन! आपल्या पूर्वजांनी पुरुषमाणसाचा विचार करून ठेवलेली सोय आहे ही!

मर्लीन: बरं मग?

हॉलिस: मग काय? या ड्यूईने भांडं ठेवलंन? नाही. रीत म्हणून नाही, भात नाही, रताळं नाही. सरळ माझ्या शेतात घुसला. सगळा कांदा उपटला, वाळवला, पाती-मुळं छाटली आणि कोठारात जाळीच्या पोत्यांची थप्पी लावून गेला. आता तूच सांग, शेत कशात घालून परत करू?

मर्लीन: तोंडाने 'आभारी आहे' म्हण.

हॉलिस: ड्यूईला?

मर्लीन: शेत त्यानेच काढलं ना? की दुसऱ्या कुणाला म्हणून सराव करायचाय आधी?

हॉलिस: तुला काही वाटत नाही. पंधरा वर्षं मी त्या माणसाशी बोललेलो नाही.

मर्लीन: कुंपण एक, विहीर एक, चर्चमधला बाक एक. आणि बोलणं नाही.

हॉलिस: अगदीच नाही असं नाही. नाताळला मान हलवतो मी.

मर्लीन: होकाराची की नकाराची?

हॉलिस: ते त्याचं त्याने ठरवावं. आणि उगीच नाही अबोला धरला. त्याने केलं काय होतं? कांदा महोत्सवाची सभा. मी अध्यक्ष. पाद्रीबुवा कांद्यासाठी प्रार्थना करून नुकते खाली बसलेले. आणि हा उठतो! कांद्याच्या वेषात!

मर्लीन: मिरवणूक नुकतीच संपली होती. वेषाची चेन अडकली होती त्याच्या.

हॉलिस: आपलं अख्खं गाव या गोड कांद्यावर जगतं. आणि कांद्याचा वेष घातलेला माणूस, म्हणजे खुद्द कांदा, उभा राहून सांगतो, आपला कांदा कच्चा खायला अमृत आहे, पण तळायला कामाचा नाही! दुसरं कुणी म्हटलं असतं तर मी दुर्लक्ष केलं असतं. कांद्याने म्हणावं?

मर्लीन: म्हणून तू त्याचा वेष काढून घेतलास.

हॉलिस: समितीने. रीतसर ठराव करून. मी फक्त मांडला.

मर्लीन: अनुमोदन कुणी दिलं?

हॉलिस: उशीर झाला होता, कुणी हात वर करेना. दिलं मीच.

मर्लीन: किती वर्षं तो कांदा होत होता, हॉलिस. त्याची बायको, इनेझ, दर वसंतात त्या वेषाला इस्त्री करायची. पोरं त्याच्या मागे मागे धावायची. पुढच्या वर्षी तुम्ही त्या विमेवाल्याला कांदा केलंत आणि तो पहिल्याच उतारावर पडला.

हॉलिस: अनुभव नव्हता त्याला.

मर्लीन: बँकेच्या दारापर्यंत घरंगळत गेला. लोकांना वाटलं कार्यक्रमातलंच आहे. टाळ्या वाजवत होते.

हॉलिस: जुनं काढू नकोस. पीठ सांग.

मर्लीन: आधी कडी गार ताकात बुडव. बर्फासारखं गार हवं. मग कोरड्या मैद्यात घोळव, मग भिजवलेल्या पिठात. पिठात मैदा, थोडं मक्याचं सत्त्व, मीठ, लाल मिरची, आणि फ्रिजमधला सोडा. बाटली शेवटच्या क्षणाला उघड. अरे, घोटू नकोस एवढं!

हॉलिस: गुठळ्या राहिल्यात.

मर्लीन: राहू देत. गुठळ्या राहिल्या तर बिघडत नाही. घोटत बसलास तर चामडं होतं.

हॉलिस: हे आधी कुणी सांगितलं असतं तर समिती निराळी चालवली असती मी.

मर्लीन: बिडाची कढई घे, ती मोठी. शेंगदाण्याचं तेल ओत. अर्ध्यावर थांब. आता लाकडी चमच्याची दांडी बुडव. भोवती बुडबुडे आले?

हॉलिस: आलेत.

मर्लीन: सोड कडी. एकेक. आणि गर्दी करू नकोस. गर्दी केली की तेल गार पडतं आणि कडी तेल पितात. अरे, गर्दी नको म्हटलं ना!

हॉलिस: शेवटची दोन होती फक्त. मर्लीन, हे बघ. हे असंच व्हायचं असतं का?

मर्लीन: काय झालं?

हॉलिस: पीठ एकीकडे चाललंय, कांदा दुसरीकडे. आणि मधून पाणी सुटतंय. तडतडतंय बघ किती! बाहेरून काळं आणि आत हे लिबलिबीत. एक चावून बघतो. हे काय! सगळा कांदा सुळकन तोंडात आला आणि पिठाची नुसती बांगडी राहिली हातात.

मर्लीन: हं.

हॉलिस: हवा दमट आहे आज.

मर्लीन: हं.

हॉलिस: मैदा जुना असेल. किंवा गॅस. कंपनीने गॅस बदललाय, मला कधीपासून संशय आहे. वॉशिंग्टनमध्ये बसून काय काय ठरवतात.

मर्लीन: हवा बरी आहे, मैदा परवाचा आहे आणि वॉशिंग्टनला आपली कढई माहीत नाही. कांद्यात दोष आहे.

हॉलिस: हळू बोल!

मर्लीन: कोण ऐकतंय?

हॉलिस: कांदे ऐकतायत. कोठार भरलंय.

मर्लीन: हॉलिस, आपला कांदा म्हणजे निम्मं पाणी आणि निम्मी साखर. पाण्याने पीठ सुटतं, साखर करपते. सफरचंदासारखा चावून खा, ब्रेडमध्ये घालून खा, त्याच्यासारखा नाही. पण तळायला चांगला झणझणीत, कोरडा कांदा लागतो. डोळे पुसायला लावणारा. तू स्वतः बघावंस म्हणून बोलले नाही.

हॉलिस: आणि तू इतकी वर्षं तळतेस ते?

मर्लीन: ते काय?

हॉलिस: तुझी कडी कधी सुटली नाहीत. चांगली कुरकुरीत व्हायची. आपल्याच कांद्याची!

मर्लीन: मिशिगनच्या कांद्याची.

हॉलिस: काय?

मर्लीन: इनेझचा भाऊ दर हिवाळ्यात पोतं पाठवायचा. अजून पाठवतो. ती मला कुंपणावरून द्यायची. ती गेल्यावर ड्यूई खांबावर ठेवून जायला लागला. कागदात गुंडाळून, दारूची बाटली ठेवतात तशी.

हॉलिस: माझ्या घरात? अध्यक्षाच्या घरात परका कांदा? अगं, या काउंटीत एकवेळ चोरटी दारू मिळेल, पण—

मर्लीन: तू दरवेळी दुसऱ्यांदा मागून घ्यायचास.

हॉलिस: मला बसू दे जरा.

मर्लीन: बसू नकोस, दुसरा घाणा कढईत आहे. आणि आणखी एक ऐकून घे, म्हणजे एकदमच काय ते होऊन जाईल. तो डबाबिबा विसर. ही कडी झाकली की वाफ धरतात. पाच मिनिटांत चिंधी होते. कढईतून ताटलीत आणि ताटलीतून तोंडात, एवढाच त्यांचा प्रवास. ही कुणाच्या घरी पोचवता येत नाहीत. माणूस इथे आणावा लागतो.

हॉलिस: म्हणजे तू मुद्दाम! मी म्हणत होतो ॲपल पाय कर, केक कर, काहीही कर. तूच म्हणालीस, ड्यूईला कांद्याची कडी आवडतात!

मर्लीन: आवडतातच. नाक्यावरची खाणावळ बंद झाल्यापासून त्याला कुणी करून घातली नाहीत. एकटा माणूस डब्यातली बीन्स खातो, डब्यातूनच.

हॉलिस: तू मला फसवलंस.

मर्लीन: छाती शिवलेल्या बाईला तू असं बोलतोस. हॉलिस, कढई.

हॉलिस: विषय बदलू नकोस!

मर्लीन: विषय बदलत नाही. कढईतून धूर येतोय.

ड्यूई: दार उघडंच होतं. माफ करा, मर्लीनबाई. आग कुठे आहे?

मर्लीन: ये, ड्यूई. ती बघ, ओट्यापाशी उभी आहे. टोपी घातलेली.

ड्यूई: मिस्टर टिलरी, तो पाण्याचा मग खाली ठेवा. तेलावर पाणी नको. गॅस बंद करा. आता ते झाकण ठेवा वर. असं. खिडकी उघडतो मी.

हॉलिस: काही झालेलं नाही. तळतोय मी.

ड्यूई: दिसतंय.

हॉलिस: आणि हे एवढं मोठं आग विझवायचं नळकांडं कशाला घेऊन आलास?

ड्यूई: धूर काळा होता. पांढरा असता तर हात हलवत आलो असतो.

मर्लीन: बस, ड्यूई.

ड्यूई: नको. आग नाहीये म्हटल्यावर माझं काम नाही इथे. तुम्हाला बरं वाटतंय ना, मर्लीनबाई?

मर्लीन: घरी आले, हेच खूप आहे रे. सकाळी खिडकीतून गवत दिसतं. तेसुद्धा कुणीतरी कापलेलं दिसतं.

ड्यूई: आपोआप झालं असेल. निघतो मी.

मर्लीन: हॉलिस.

हॉलिस: काय?

मर्लीन: तो निघालाय.

हॉलिस: दिसतंय मला. ड्यूई.

ड्यूई: बोला, मिस्टर टिलरी.

हॉलिस: मला तुला एक विचारायचं... म्हणजे सांगायचं... विचारायचंच होतं. तुझ्याकडे दुसरा कांदा आहे का?

ड्यूई: दुसरा म्हणजे?

हॉलिस: आपला नाही तो.

ड्यूई: असा कांदा या काउंटीत नाही. ठराव झालाय तसा. खाली तुमची सही आहे.

हॉलिस: ठरावात 'नाही' असं नव्हतं. 'नसावा' असं होतं.

ड्यूई: मग नसावा.

मर्लीन: ड्यूई, छळू नकोस त्याला.

ड्यूई: छळत नाही, मर्लीनबाई. पंधरा वर्षांत त्यांनी माझ्याकडे पहिल्यांदा काही मागितलंय. जरा नीट ऐकून घेतोय. किती हवेत?

हॉलिस: चार पुरे. आणि येताना रस्त्याने येऊ नकोस.

(ड्यूई कुंपण ओलांडून जातो. हॉलिस कढईतला काळा घाणा झाऱ्याने उपसून टाकतो, तेल गाळतो आणि खिडकीतून कुंपणाकडे बघत उभा राहतो.)

मर्लीन: आला की सांग त्याला.

हॉलिस: सांगतो. ऐक हं. "पर्विस, तुझ्या कार्याची समितीने नोंद घेतली आहे—"

मर्लीन: कुठली समिती?

हॉलिस: सवय आहे ती. मग तूच सांग ना दोघांच्या वतीने.

मर्लीन: माझं मी सांगितलंय. तू मला गाडीतून उतरवलंस त्या दिवशी तो कुंपणापाशी उभा होता. मी हात वर केला, त्याने टोपी काढली. झालं.

हॉलिस: मग त्यातच आलं माझंही.

मर्लीन: नाही आलं. तुझं निराळं आहे, आणि ते तुला ठाऊक आहे.

हॉलिस: ऋण फेडायला म्हणून कढई ठेवली, मर्लीन, आणि बघ, वर आणखी चार कांद्यांचं झालं.

मर्लीन: आणि आगीचं.

हॉलिस: आग नव्हती ती!

ड्यूई: हे घ्या. टोपीत आणलेत. वरून रुमाल टाकलाय.

हॉलिस: कुणी बघितलं?

ड्यूई: पाद्रीबुवा सायकलवरून चालले होते. त्यांनी नमस्कार केला. टोपी काढता आली नाही म्हणून वाईट वाटलं.

मर्लीन: काप, हॉलिस. अर्धा इंच. ड्यूई, तू पापुद्रे सोल. बसून सोल, ती खुर्ची तुझीच आहे.

हॉलिस: हा कांदा आहे की काय आहे! डोळे फुटले माझे. लोक हे मुद्दाम पिकवतात?

ड्यूई: सुरी ओली करा. आणि नाकाने नका, तोंडाने श्वास घ्या. मला आवडतो हा. आपला कांदा खाल्ला की घशाखाली काय गेलं ते कळतच नाही. थोडं झोंबलं की जेवल्यासारखं वाटतं.

हॉलिस: हे तू सभेत बोलला नाहीस, ते बरं केलंस.

ड्यूई: बोलणार होतो. चेन गळ्यापर्यंत आली होती.

मर्लीन: ताकात बुडवा. मैदा. आता पीठ. तेल बघ, दांडी बुडव. सोड. दोन, तीन, चार. बास. हात आवर!

हॉलिस: आवरला. मर्लीन, धरलंय बघ पीठ! फुगतंय! तडतड नाही, नुसती खळखळ चाललीये. रंग बघ, रंग बघ!

मर्लीन: उलट आता. हं. काढ. कागदावर नको, जाळीवर टाक, खालून हवा लागली पाहिजे. वर मीठ लगेच. लगेच म्हणजे आत्ता!

हॉलिस: टाकलं. ड्यूई, घे.

ड्यूई: आधी मर्लीनबाई.

मर्लीन: मला तळलेलं बंद आहे. वास घ्यायला मनाई नाही, मी मघापासून वासच जेवतेय. तू घे.

हॉलिस: घेतलंस? काय? कसं आहे?

ड्यूई: खातोय.

हॉलिस: ते दिसतंय. बोल ना काहीतरी!

ड्यूई: गरम आहे.

हॉलिस: गरम असणारच, कढईतून काढलंय! बाकी?

ड्यूई: कुरकुरीत आहे. कांदा जागचा हलत नाही. दुसरं घेऊ का?

हॉलिस: सगळी घे. ड्यूई, ते त्या सभेतलं... तू जे म्हणाला होतास.

ड्यूई: काय म्हणालो होतो?

हॉलिस: तुला माहीत आहे.

ड्यूई: खूप वर्षं झाली, मिस्टर टिलरी. नीट आठवत नाही. तुम्ही सांगा.

हॉलिस: हेच की... तळायला... दुसरा कांदा बरा.

ड्यूई: जरा मोठ्याने. तेलाचा आवाज होतोय.

हॉलिस: तुझं बरोबर होतं! झालं समाधान?

ड्यूई: झालं. आता खिडकी लावून घ्या, रस्त्यापर्यंत गेलं असेल.

मर्लीन: अगं बाई, किती दिवसांनी हसतेय मी. टाके ओढतात. ड्यूई, तुझा कांदा कसा झाला यंदा?

ड्यूई: ठीक.

हॉलिस: ठीक म्हणजे?

ड्यूई: निम्मा आला हाती.

हॉलिस: निम्मा? तुझी जमीन माझ्यापेक्षा चांगली आहे! पाऊस लागला का? पावसाआधी काढला नाहीस?

ड्यूई: पावसाआधी तुमचा काढला.

हॉलिस: माझा आधी काढलास?

ड्यूई: तुमचं शेत रस्त्याला लागून आहे. सोयीचं पडलं.

हॉलिस: ड्यूई, तुझंही शेत त्याच रस्त्याला लागून आहे.

ड्यूई: तिथे चिखल होतो जरा. हे शेवटचं कडं कुणी घेणार आहे का?

हॉलिस: ड्यूई.

ड्यूई: मिस्टर टिलरी, तेल बघा, तापतंय.

मर्लीन: बोलू दे त्याला. तेल मी बघते. नाही हॉलिस, उठले म्हणून काही होत नाही मला. झारा दे इकडे आणि बस त्याच्यासमोर.

हॉलिस: मला हे येत नाही. भाषण येतं, हे येत नाही. ऐक. तिला आत नेलं ना, त्यानंतर ते रोज सांगायचे, आज बघू, उद्या बघू. मी तिच्या उशाशी बसायचो. ती शुद्धीवर नसायची, तरी बसायचो. तिचा हात धरून. आणि एक दिवस माझ्या लक्षात आलं की कांद्याचा हंगाम आहे. आपल्याकडे कांदा जमिनीत थांबत नाही, तुला माहीत आहे. एरवी मी पळत आलो असतो. आईला पुरलं त्या दिवशीही मी दुपारी शेतात होतो. तेवढ्यात दुकानातल्या वेराचा फोन आला, की तुझ्या शेतात ड्यूई आहे, पहाटेपासून आहे. मी फोन ठेवला आणि पुन्हा बसलो. बस, एवढंच. पुन्हा बसलो. तिने डोळे उघडले तेव्हा मी तिथेच होतो. तिने पहिल्यांदा मला पाहिलं, नर्सला नाही. ते तुझ्यामुळे. आभारी आहे मी, ड्यूई. झालं, बोललो.

मर्लीन: ही घ्या, दुसरा घाणा. मीठ टाकलंय.

हॉलिस: काहीतरी बोल ना आता तूही. मी एवढं बोललो.

ड्यूई: इनेझच्या वेळी मी कांदे काढत होतो, हॉलिस.

हॉलिस: तेव्हा कुणी सांगितलं नाही मला.

ड्यूई: आपलं बोलणं नव्हतं. सकाळी ती म्हणाली, थांबतोस का जरा. मी म्हटलं, उत्तरेकडचा तुकडा संपवून येतो. आभाळ भरलं होतं. तुमच्या दारात ॲम्ब्युलन्स आली तेव्हाही तसंच भरलं होतं.

मर्लीन: ड्यूई.

ड्यूई: त्या वर्षी पीक फार चांगलं आलं, मर्लीनबाई. एक कांदा सडला नाही.

मर्लीन: खा. गार होतंय.

हॉलिस: ड्यूई, तुझा जो निम्मा हाती आला, तो पावसात भिजलेलाच असणार. कोठारात नुसता ढीग असेल.

ड्यूई: आहे.

हॉलिस: सडके वेगळे काढलेस?

ड्यूई: अजून नाही. एकट्याने उरकत नाही.

हॉलिस: उद्या येतो मी.

ड्यूई: लवकर ये. नंतर ऊन लागतं.